आजोबा जिन्यात थांबतात

"आता बरं दिसतं की मघाशी?" तिने विचारलं, आणि विचारून झाल्यावर तिच्या लक्षात आलं की काच आपण बदललेलीच नाही. खुर्चीतल्या बाईंच्या नाकावर ती जड, गोल चौकट होती, डाव्या डोळ्यापुढे झाकण, उजव्यापुढे भिंग. ते भिंग तिने काढलं होतं, दुसरं घ्यायला पेटीकडे हात नेला होता, तेवढ्यात काउंटरवरचा फोन थरथरला आणि तिने मान वळवून बघितलं. धाकट्या भावाचा मेसेज होता. 'ताई, सापडला.' एवढंच. मग हाताने काय केलं ते तिला कळलं नाही. काढलेलीच काच त्याने पुन्हा खाचेत बसवली होती. "आता बरं," बाई ठामपणे म्हणाल्या. "मघाशी जरा धुरकट होतं. हे छान आहे, हेच द्या." समोरच्या तक्त्यावरची अक्षरं तीच, काच तीच, डोळाही तोच. एरवी तिला हसू आलं असतं आणि चहाच्या वेळी तिने ते मालकांना रंगवून सांगितलं असतं. आज आलं नाही. कारण भावाला जे सापडलं होतं ते कधी नव्हतंच. ते तिने मनाने रचून सांगितलं होतं.

चष्म्याच्या या दुकानात ती लग्नाआधीपासून होती, आणि मालकांनी पहिल्याच आठवड्यात तिला सांगून ठेवलं होतं की माणूस खुर्चीत बसला की खरं बोलत नाही. लबाडीने नव्हे, भिडेने. आपण एवढ्या काचा बदलतोय, वाकून वाकून विचारतोय, तर त्या बिचाऱ्याला वाटतं की काहीतरी बरं दिसलंच पाहिजे. मग तो म्हणतो, हो, आता बरं. "अशा माणसाचा नंबर कधी बरोबर येत नाही," मालक म्हणायचे. "जो तोंडावर सांगतो की दोन्ही सारखंच, त्याला धरून ठेव. तिथून पुढे काम होतं." इतकी वर्षं रोज माणसांना हाच एक प्रश्न विचारून तिला वाटायला लागलं होतं की खोटं बरं वाटणं आपल्याला लांबूनच ओळखू येतं. दुसऱ्याचं येत असेलही. स्वतः कोणाला खोटी काच लावून ठेवली तर काय होतं, हे तिला कोणी शिकवलं नव्हतं.

भाऊ एकटाच बसून एक गेम बनवत होता. त्यात मारामारी नव्हती, पळापळी नव्हती. एक चार मजली इमारत, आणि खेळणारा त्या इमारतीचा केअरटेकर. सकाळी पंप लावायचा, टाकी भरली की बंद करायचा, जिन्यातले गेलेले बल्ब बदलायचे, अडकलेली लिफ्ट सोडवायची, गळके नळ आवळायचे. इमारतीतली माणसं आपापलं जगत असतात, उठतात, भांडतात, झोपतात, आणि केअरटेकरकडे कोणी ढुंकून बघत नाही. "यात जिंकायचं काय?" तिच्या नवऱ्याने विचारलं होतं. "काही नाही. इमारत चालू ठेवायची," भाऊ म्हणाला होता. त्यावर नवरा म्हणाला, हे तर आम्ही घरी फुकटात करतो. गेम अर्धवट होता आणि अर्धवट असण्यातच त्याची सगळी गंमत होती. पहिल्या मजल्यावरच्या वहिनींना पाय काढलेले नव्हते, त्या घरभर तरंगत फिरायच्या. एक कुत्रा होता, तो शेपटी हलवायचा पण भुंकायचा नाही. फर्निचरच्या जागी करडी खोकी, आणि आजोबा म्हणून जे होते त्यांना चेहराच नव्हता, नुसता गुळगुळीत गोल. दर थोड्या दिवसांनी भाऊ नवीन व्हर्जन पाठवायचा, आणि दुकानातून आल्यावर, भाजी चिरायच्या आधी, ती ते खेळून चुका कळवायची. जगात तो गेम खेळणारी ती एकटीच होती. नवीन व्हर्जन आलं की जुनं जतन केलेलं सगळं पुसलं जायचं. इमारत पुन्हा पहिल्या सकाळी उभी, मागच्या वेळी आवळलेला नळ पुन्हा गळका, आणि कोणाला काही आठवत नाही. तिला त्याची सवय झाली होती. एकदा तिने कळवलं होतं की दुसऱ्या मजल्यावरच्या नवरा-बायकोचं भांडण संपतच नाही. त्याचं उत्तर आलं, 'कोणी नमतं घ्यायचं ते अजून लिहिलेलं नाही. तुझ्याकडे कोण घेतं?' दुसऱ्यांदा तिने लिहिलं होतं, 'या लोकांशी बोलायची सोय नाही का? नुसती बटणं आहेत, उघडा, बंद करा, बदला, दुरुस्त करा.' तो म्हणाला, 'केअरटेकर आहेस. बोलायचंय काय, काम कर.'

फोन पुन्हा थरथरला. खुर्चीतल्या बाई अजून त्याच काचेतून खुशीत तक्ता वाचत होत्या. 'गच्ची पण झाली. घरच्या कॉम्प्युटरवर लावून ठेवलंय, येशील तेव्हा खेळ. आता झालं.' तिने लगेच फोन लावला. बंद. पुन्हा लावला. बंद. "मालक," ती म्हणाली, आणि तिचा आवाज इतका साधा निघाला की तिचं तिलाच नवल वाटलं, "या बाईंना पहिल्यापासून तपासायला लागेल. मी सगळं चुकीचं केलंय. मला जायचंय." मालकांनी चष्म्यावरून तिच्याकडे बघितलं. त्यांना भावाचं माहीत होतं, म्हणजे माहीत नसल्यासारखं जेवढं माहीत असायचं तेवढं. "जा," ते म्हणाले, आणि स्वतः बाईंपुढे येऊन बसले. बाई म्हणाल्या, अहो पण मला छान दिसतंय की. ती तोवर फुटपाथवर होती.

गच्ची. हा शब्द त्यांच्या घरात कोणी मोठ्याने उच्चारत नसे. भावाची नोकरी गेली होती त्यानंतरचे दिवस. कंपनीने एका सकाळी अख्खा मजला रिकामा केला, त्यात तोही निघाला. आधी तो म्हणाला, बरं झालं, कंटाळाच आला होता. मग म्हणाला, बघू. मग बोलेनासा झाला. लहानपणापासून तो काम करताना तोंडातल्या तोंडात गुणगुणायचा, सूर ना ताल, नुसता घूंऽ असा आवाज. म्हणून घरात त्याचं नाव भुंग्या. ते गुणगुणणं थांबलं हे आधी तिच्या लक्षात आलं, बाकीचं नंतर. आणि एका संध्याकाळी ती डबा घेऊन त्याच्याकडे गेली तेव्हा दार उघडं, घर रिकामं, आणि तो वर गच्चीत कठड्यावर बसलेला, पाय बाहेरच्या बाजूला. ती दारात उभी राहिली. ओरडावं, धावावं, रडावं, काहीच सुचेना. त्याने मागे वळून बघितलं नाही. आणि मग तिने जे केलं ते तिने आजवर कोणाला सांगितलं नाही, नवऱ्यालाही नाही. ती पाऊल न वाजवता खाली आली, त्याच्या स्वयंपाकघरात पाना शोधला, बेसिनचा नळ सैल केला, पाणी धो धो सुटल्यावर पुन्हा जिना चढली आणि गच्चीच्या दारातून, रोजच्याच कटकटीच्या सुरात म्हणाली, "भुंग्या, खाली ये रे. तुझा नळ गळतोय, मला जमत नाहीये." तो थोडा वेळ तसाच बसला. मग त्याने एक पाय आत घेतला, मग दुसरा, आणि खाली येऊन, बाह्या वर करून, नळ दुरुस्त केला. फडक्याने हात पुसले. "वायसर गेलाय," म्हणाला. दोघांनी डबा खाल्ला. कोणी काही बोललं नाही, त्या दिवशीही नाही आणि पुढेही नाही. डॉक्टर झाले, गोळ्या झाल्या, आणि त्यातून केव्हातरी या इमारतीचा गेम निघाला. तो परत गुणगुणायला लागला. तिला वाटलं, सुटलो.

गेममध्येही गच्ची होती, पण केलेली नव्हती. जिन्याच्या टोकाला दार होतं, ते उघडलं की पलीकडे नुसतं करडं. आजोबा रोज संध्याकाळी जिना चढून त्या दारापर्यंत जायचे, पुढे काही नाही म्हणून उभे राहायचे आणि खाली यायचे. "गच्ची सगळ्यात शेवटी," भाऊ सुरुवातीलाच म्हणाला होता. "बाकी सगळ्या चुका निघाल्या की गच्ची. मग झालं." तेव्हा तिने फक्त मान हलवली होती. पण ते 'मग झालं' तिच्या मनात कुसळासारखं अडकून राहिलं. दिवस गेले तसे वहिनींना पाय आले, खोक्यांच्या खुर्च्या झाल्या, कुत्रा भुंकायला लागला, दुसऱ्या मजल्यावरचं भांडण नवऱ्याने नमतं घेऊन मिटायला लागलं. ती खेळायची आणि चूक सापडली नाही की तिला धडकी भरायची. बाहेरच्या कोणाला सांगितलं असतं तर हसला असता; चूक सापडत नाही म्हणून कोण घाबरतं? ती बल्ब उगीच लावायची, काढायची, लिफ्टची दोन बटणं एकदम दाबायची, पंप रात्रभर चालू ठेवून बघायची, काहीतरी तुटू दे म्हणून. काही तुटेना. आणि एका संध्याकाळी त्याचा मेसेज आला: 'तुझ्याकडून आता काही येत नाही. म्हणजे आता फक्त गच्ची.' गॅसवर दूध होतं. ते उतू गेलं, तिने बघितलं नाही. ती लिहीत होती: 'एक राहिलं. आजोबा कधी कधी जिन्यात शेवटच्या वळणावर थांबतात. मागे वळून बघतात, कोणी हाक मारल्यासारखं.'

त्या 'कधी कधी' मध्येच तिची सगळी हुशारी होती. त्यानेच तिला शिकवलं होतं की नेहमी होणारी चूक पकडता येते. कधी कधी होणारी माणसाला खाते. ती शोधायला बसलेला माणूस उठत नाही. तिला तेच हवं होतं, त्याने उठू नये. नळ सैल केला तसा तिने जिना सैल केला होता. पण नळातून निदान पाणी येत होतं. इथे काहीच नव्हतं, आणि तो त्या काहीच-नाहीला शोधत बसला. आधी त्याने विचारलं, केव्हा थांबतात? पाऊस चालू असताना का? लिफ्ट बंद असताना का? तिने उत्तरं दिली, एक खोटं टिकवायला दुसरं, दुसऱ्याला टेकू म्हणून तिसरं. मग त्याने जिना उसकटला. आजोबांचं चालणं नव्याने लिहिलं. त्यामुळे बाकीचं बिघडलं, वहिनी पुन्हा तरंगायला लागल्या, ते निस्तरलं. दिवस दिवस तो पडद्यापुढे बसून आजोबांना जिना चढताना बघायचा. ती डबा घेऊन जायची तेव्हा आदला डबा तसाच असायचा. त्याचे डोळे लाल, दाढी वाढलेली, घरात कोंदट वास. गुणगुणणं कधीच बंद झालं होतं. "ताई, मला दिसत नाही," एकदा तो म्हणाला, अगदी हळू. "मी बघतोच आहे, बघतोच आहे. तुला दिसतं आणि मला नाही. म्हणजे माझंच काहीतरी गेलंय." तेव्हा तिने सांगायला हवं होतं. शब्द ओठांपर्यंत आले होते. पण सांगितलं तर ती चूक, तो बग, राहत नाही, बग नाही तर गच्ची, आणि न सांगावं तर हा असा डोळ्यांदेखत झिजतोय. ती म्हणाली, "जेवून घे आधी." दुसरं काही सुचेना तेव्हा ती नेहमी हेच म्हणायची, आणि स्वतःचा तिला त्या वेळी इतका राग आला की घरी येऊन तिने नवऱ्याशी निष्कारण भांडण काढलं.

आता बसमध्ये दांडा धरून उभी असताना तिला तो 'सापडला' पुन्हा पुन्हा दिसत होता. नसलेली गोष्ट सापडते कशी? एकच माणूस असा असतो. खुर्चीतला. इतकं वाकून वाकून विचारल्यावर भिडेने हो म्हणणारा. म्हणजे तो कंटाळून हो म्हणाला, ताईचं समाधान व्हावं म्हणून. किंवा त्याहून वाईट, त्याला खरंच दिसायला लागलं. बघून बघून, न जेवता, न झोपता, त्याला आजोबा थांबताना दिसायला लागले, आणि हे मी केलं. माझ्या हाताने त्याच्या डोळ्यावर ही काच बसवली. शेजारच्या सीटवरची एक बाई तिला म्हणाली, बसता का, बरं नाहीये का? ती म्हणाली, नाही, बरी आहे. बस एका सिग्नलला थांबली ती हलेचना. पुढे एक टेम्पो बंद पडला होता आणि चारजण तो ढकलत होते, ड्रायव्हर आरामात स्टिअरिंगवर हात ठेवून त्यांना सूचना देत होता. तिला ते सगळे लोक, तो टेम्पो, तो सिग्नल फार दूरचे वाटले, जणू आपण गेममधला केअरटेकर आहोत आणि कोणी आपल्याकडे बघत नाही. फोन अजून बंद. ती मधेच उतरली आणि चालायला लागली, मग पळायला, आणि पळता पळता तिचं डोकं जे काम करत होतं त्याची तिला किळस आली. ते नवीन नळ शोधत होतं. वर जाऊन काय सांगायचं? गॅसचा वास येतोय. तुझ्या भाऊजींना छातीत दुखतंय. माझा पाय मुरगळलाय, मला उतरव. प्रत्येक थाप ती घ्यायची, जिभेवर ठेवून बघायची आणि टाकायची. एकही चालण्यासारखी नव्हती. एवढ्या वर्षांत तिने त्याला जगात थांबवायला जे जे वापरलं ते सगळं मोडलेलं काहीतरी होतं, आणि आता तिच्याजवळ मोडलेलंही काही उरलं नव्हतं.

दार उघडंच होतं. "भुंग्या?" घरात कोणी नाही. मोरी रिकामी, स्वयंपाकघर रिकामं, बेसिन कोरडं. पण खोली झाडलेली होती, खिडकी उघडी, कपड्यांचा ढीग नाहीसा, आणि आवरलेलं घर तिला त्या वेळी चांगलं लक्षण वाटलं नाही. टेबलावर कॉम्प्युटर चालू. पडद्यावर ती इमारत, संध्याकाळची, आणि जिन्याच्या शेवटच्या वळणावर आजोबा उभे. थांबलेले. मागे वळून बघत होते. त्यांना चेहरा आला होता. कोणाचा असा नाही, साधा, थकलेला, पण डोळे होते आणि ते डोळे खालच्या जिन्याकडे लागले होते, कोणी हाक मारल्यासारखे नाही, कोणी मारेल का म्हणून. खाली बटणांची ओळ. उघडा, बंद करा, बदला, दुरुस्त करा. आणि शेवटी एक नवीन. हाक मारा. तिचा हात माउसकडे गेला, पण तोवर आजोबांनी मान पुन्हा पुढे केली आणि ते उरलेल्या पायऱ्या चढले. दार उघडलं. पलीकडे आता करडं नव्हतं. टाकी होती, वाळत घातलेल्या चादरी होत्या, मावळतीचं आभाळ होतं, इतकं निगुतीने केलेलं की गेममधली दुसरी कुठलीच जागा तितकी सुंदर नव्हती, आणि सभोवार कठडा होता. पुढचं तिने बघितलं नाही. ती जिन्यात होती.

एका ढांगेत तीन-तीन पायऱ्या घेत ती चढत होती, श्वास छातीत मावत नव्हता, आणि सांगायला काही नव्हतं. शेवटच्या वळणावर ती थांबली. वर गच्चीचं दार उघडं होतं आणि त्यातून उजेडाची तिरीप जिन्यात पडली होती. दाराच्या चार पायऱ्या खाली, भिंतीला टेकून, तो बसला होता. दाढी केलेली होती. तिने कठडा धरला.

"खेळलीस?" त्याने विचारलं.

"हाक मारायच्या आत गेले ते वर."

"हं. वेळ कमी ठेवलाय. वाढवायला हवा." तो हे म्हणाला ते अगदी कामाच्या सुरात.

"भुंग्या, तो बग नव्हता," ती म्हणाली. "मी खोटं लिहिलं होतं. आजोबा कधीच थांबले नव्हते."

"माहीत आहे."

"केव्हापासून?"

"सगळा जिना सोडवून बघितला. त्यांना थांबायला त्यात जागाच नव्हती. आधी वाटलं, माझं डोकं गेलं. बरेच दिवस तसंच वाटत होतं." तो आपल्या तळहातांकडे बघत होता. "मग नळ आठवला, आणि तुझा बग सापडला."

"कुठला नळ?" तिने विचारलं, उगीचच.

"पाना बेसिनवर ठेवून गेली होतीस. ओला. आणि वायसर चांगला होता, मी आपलं म्हणालो गेलाय."

तिला वाटलं आपण आता इथेच, या जिन्यात, खाली बसू आणि उठणार नाही. इतकी वर्षं ती त्याला फसवतेय असं समजून जपत होती, आणि तो फसल्यासारखं करून तिला जपत होता, आणि दोघांनी मिळून एका शब्दाला हात लावला नव्हता. "मग दुरुस्त कशाला केलास?"

"गळत होता ना," तो म्हणाला. "सैल कोणी केला ते नंतरचं." खाली कुठल्यातरी मजल्यावर लिफ्टचं दार आपटलं. "पण आता नाही जमणार, ताई. आता तू काहीही मोडलंस तरी मला कळणार. म्हणून ते बटण टाकलं. तूच म्हणालीस ना, बोलायची सोय नाही."

"तुला मरायचं असतं का अजून?" तिने विचारलं. तो शब्द तिच्या तोंडून पहिल्यांदा निघाला आणि जिन्यात जरा घुमला. त्यात भीतीदायक असं काही नव्हतं, म्हणजे होतं, पण ते आधीपासून होतंच. शब्दाने नवीन काही आणलं नाही.

त्याने विचार केला. विचार करतोय हे तिला दिसलं. "रोज नाही," तो म्हणाला.

"आज?"

"आज निघालो होतो वर. इथपर्यंत आलो आणि थांबलो. मागे बघितलं. कोणी नव्हतं." त्याने खांदे उडवले, आणि तो आता रडतोय हे तिच्या लक्षात आलं, आवाज न करता, एखाद्याचं नाक गळावं तसं. "मग म्हटलं, बसावं जरा."

"मला तू हवा आहेस," ती म्हणाली. "गेम होवो न होवो, तू जेव नाहीतर जेवू नकोस. मला तू हवा आहेस, आणि मला फार भीती वाटते, दुकानात फोन वाजला तरी वाटते. हे मी तुला कधी सांगितलं नाही. नुसती डबे आणत राहिले."

"डबे बरे असायचे," तो म्हणाला.

वरच्या दारातून येणारी तिरीप एक पायरी खाली सरकली होती. आता तो उठेल आणि आपल्याबरोबर खाली येईल असं तिला वाटलं, पण तो उठला नाही, आणि वरही गेला नाही. हाक मारली की आजोबा खाली येतात, असं कदाचित त्याने लिहिलं असेल. माणसाचं तसं नसतं हे तिला त्या वळणावर उभं राहून स्पष्ट दिसत होतं. उद्या ती दुकानात असेल आणि हा इथे असेल, आणि मधे बस, सिग्नल, बंद पडलेला टेम्पो. तिने डोळे पुसले. आणि दिवसभर जो प्रश्न ती अनोळखी माणसांना विचारायची तोच तिच्या तोंडून आला, दुसरा तिला येतच नव्हता.

"आता बरं वाटतंय की मघाशी?"

त्याने तिच्याकडे बघितलं. हो म्हणणं सोपं होतं. ती एवढी पळत आली होती, धापा टाकत होती, पदराला बसमधला काळा डाग लागला होता. कोणीही भिडेने म्हणालं असतं, आता बरं.

"सारखंच," तो म्हणाला. "दोन्ही सारखंच, ताई."

ती त्याच्यापर्यंत चढून गेली आणि त्याच्या शेजारी, दाराकडच्या बाजूला, भिंतीला टेकून बसली. मग तिने त्याचा हात हातात घेतला आणि त्याला पहिल्यापासून विचारायला सुरुवात केली.